माफी मागायला आलेली माणसं

जरा पुढे सरकून बसा, बाबांनो. पैगंबरांवर सलाम पाठवा आणि मन मोकळं ठेवा. करक मुलखातल्या एका मोडलेल्या पायाची गोष्ट आहे. लांबून ऐकण्यासारखी नाही.

"माझ्यासाठी माफी मागायला जाहा घेऊन चला," मुतलकची आई अबू रकानला म्हणाली.

अबू रकान ओट्यावर बसला होता. त्याने मान वर केली नाही. मुतलक म्हणजे तिचा पंधरा वर्षांचा दिवटा. महिन्यामागे त्याने अबू रकानची पिकअप पळवली, गावातून एक फेरी मारली आणि परत आणताना अंगणाच्या भिंतीवर घातली. भिंतीपलीकडे उम्म रकान, म्हणजे अबू रकानची बायको, कोंबड्यांना दाणे टाकत होती. कोंबड्या वाचल्या. उम्म रकानचा पाय दोन ठिकाणी मोडला.

न्यायाधीशांनी सांगितलं होतं, दुखावलेल्या घराने रविवारपर्यंत माफ केलं तर पोरगं आईजवळ राहील, सरकारी माणूस अधूनमधून येऊन नजर ठेवील. नाही केलं तर सुधारगृह. शेजारच्या गावातला एक पोरगा चपला चोरून तिथे गेला होता. परत आला तो मोटारी चोरायला शिकून. मुतलकच्या आईला हे ठाऊक होतं. नवरा वारलेला, मागे दीर नाही, भाऊ नाही. आणि आज शनिवार होता.

इमाम येऊन गेले होते, गावप्रमुख मुख्तारही येऊन गेला होता. दोघांनाही अबू रकानने दारातूनच वाटेला लावलं होतं.

आता पंचाईत अशी, की त्या खोऱ्यात माफीची जाहा न्यायची तर पुढे अबू रकानच लागे. चार पिकल्या दाढीची माणसं घेऊन दुखावलेल्याच्या घरी जायचं, दुसऱ्याचा अपराध आपल्या डोक्यावर घ्यायचा आणि माफी मागायची. तो बोलायला लागला की एखाद्या गोड गळ्याच्या बुवाने प्रवचन करावं तसं वाटे. सुरे काढून बसलेले भाऊबंद डोळे पुसत. आणि जाहा मागायला आलेल्या कोणालाही त्याने कधी नाही म्हटलं नव्हतं. हा लौकिक त्याला जेवणापेक्षा प्यारा होता.

"कोणाच्या दारी न्यायची?" त्याने सवयीने विचारलं.

"तुमच्याच."

शेजारी बसलेला म्हातारा हज्जाअ हसला, आणि ते लपवायला खूप वेळ खोकला. "ऊठ बाबा," तो म्हणाला. "का आता नाही म्हणतोस?"

अबू रकान उठला. मनात त्याने हिशेब बसवला. जाहा न्यायची, शब्द राखायचा. मग यजमानाच्या गादीवर जाऊन बसायचं आणि नाही म्हणायचं. यात कुठेच रीत मोडत नव्हती.

त्याने ठेवणीतला झगा घातला, माणसं गोळा केली आणि गल्लीला वळसा घालून स्वतःच्या दाराशी आला. त्याचं कुत्रं त्याच्यावर भुंकलं. त्याने कडी वाजवली.

"बाबा, दार उघडंच आहे," त्याचा मुलगा रकान म्हणाला.

"पाहुण्यांशी असं बोलतात?"

रकानने सगळ्यांना आत बसवलं, वेलदोड्याची कडू कॉफी ओतली. अबू रकानने पेला उचलला आणि न पिता समोर ठेवला. मागणं मान्य होईपर्यंत पेला ओठाला लावायचा नसतो. मग तो बोलला. पोराला अजून मिसरूड फुटलेलं नाही, म्हणाला. त्याचा हात अकलेच्या पुढे धावला, म्हणाला. त्याला परमुलखात टाकाल तर त्याची आई जिवंतपणी मरेल, आणि हे घर तर दयेचं घर आहे. इतकं छान बोलला की दोघांनी रुमाल काढले.

समोरची यजमानाची गादी रिकामी होती. माणसं गादीकडे बघत, मग त्याच्याकडे बघत. दाराबाहेर मुतलकची आई पोराचा दंड धरून उभी होती. अबू रकान गुडघ्यावर हात टेकून उठायला लागला.

"बसा तिथेच."

उम्म रकान कुबड्या टेकत आतल्या खोलीतून आली. त्या गादीवर बसली. प्लास्टरमधला पाय तिने सरळ जाहाच्या दिशेने लांब केला. बाई त्या जागी बसलेली कोणी पाहिली नव्हती. पण तो पाय बघून सगळ्यांनी आपापले पाय आत ओढून घेतले.

"पाय माझा मोडला," ती म्हणाली. "आणि महिनाभर सगळे माफी यांच्याकडे मागतायत."

हज्जाअने घसा खाकरला आणि पेला जरा पुढे सरकवला.

"मुतलक, आत ये. भिंत कोण बांधणार?"

"मी, खाला."

"किती दिवस लागतील ते लागोत. रोज यायचं. पळालास तर मी कुबडी घेऊन मागे येईन."

"हो, खाला."

"पण एकट्याने नाही बांधायची." ती नवऱ्याकडे वळली. "गाडीला चावी कोणी ठेवली होती?"

अबू रकान समोरचा भरलेला पेला उगाच फिरवायला लागला.

"चावी गाडीत, इंजिन चालू, आणि तुम्ही चौकात लोकांशी बोलत उभे. मी रोज सांगत होते. कोर्टात मला कोणी विचारलं नाही, म्हणून मी सांगितलं नाही. पण बघतेय ना मी. पोराचं नाव निघालं की तुम्ही ओरडता, आणि माझ्या पायाकडे बघत नाही."

ज्याला कधी शब्द कमी पडले नाहीत तो अबू रकान मान खाली घालून बसला. पाहुण्यांच्या बाजूला, मागणाऱ्याच्या जागेवर. आणि पहिल्यांदाच तो तिथे दुसऱ्या कोणासाठी बसलेला नव्हता.

"प्या कॉफी," उम्म रकान म्हणाली. "दोन्ही पोरांना माफ केलं."

ती आता या जगात नाही. उम्म रकान म्हणजे नुसती रकानची आई. तिचं स्वतःचं नाव फिद्दा होतं. आज दुआ मागाल तेव्हा तिची आठवण त्या नावाने ठेवा, बाबांनो.