कानाची पाळी

रेकॉर्डिंग सुरू झालं, पण यादिएलने आज कानाची पाळी ओढली नाही.

काचेमागे बसलेला व्हर्नन चमकलाच. दुबईच्या या स्पोर्ट्स चॅनेलवर चार वर्षं तो यादिएलचे कार्यक्रम एडिट करत होता. यादिएल क्यूबाचा, एकेकाळचा बॉक्सर. आता मॅचेसवर बोलायचा, डॉक्युमेंटरींमध्ये दिसायचा. आणि दर वेळी, पहिला शब्द काढायच्या आधी कानाची पाळी दोनदा ओढायचा. कसली मेली ती सवय! व्हर्नन ते कापून टाकायचा. वसईचा माणूस, कामाला चोख. सफाईत त्याचा हात धरणारं कोणी नव्हतं.

ब्रेकमध्ये चहाचे दोन कप घेऊन तो यादिएलकडे गेला. "काय रे बाबा, आज कानाला सुट्टी?"

यादिएल हसला नाही. "आई गेली. रविवारी."

"अरे देवा! सॉरी, यादिएल."

"तिला ऐकू यायचं नाही. लहानपणी रिंगमध्ये उतरलो की मी कान ओढून दाखवायचो. म्हणजे, आई, तू दिसलीस मला. टीव्हीवरही तिच्यासाठीच ओढायचो. बहीण तिला माझा प्रत्येक कार्यक्रम लावून द्यायची." चहाला त्याने हातही लावला नाही. "काल बहिणीने लिहिलं. आई शेवटपर्यंत खुणेने सांगत होती, पोरगा मोठा झाला, बहिऱ्या आईची लाज वाटते त्याला, आता कान ओढत नाही. मी तर एकदाही चुकलो नाही! तू बघतोस ना मला? सांग, ओढायचो ना?"

खोटं बोलणं सोपं होतं. पण व्हर्ननला जमेना.

"ओढायचास. मी कापायचो. मला वाटलं, नुसती सवय आहे."

यादिएल इतकंच म्हणाला, "एकदा विचारायचं तरी होतंस."

"यल्ला, यल्ला! चला, सुरू!" फ्लोअरवरून हाक आली. लाइट लागले. यादिएलचा हात आपसूक कानापर्यंत गेला, तिथेच थांबला आणि रिकामाच खाली आला.

संध्याकाळी प्रोड्यूसर जीन एडिटिंग रूममध्ये डोकावली. "व्हर्नन, हा हात काय मध्येच? किती वाईट दिसतंय! काप ना तो."

व्हर्ननने डोळे पुसले.

"चार वर्षं कापला, जीन. आता नाही कापवत."