दोघांच्या घरातलं बहुमत

नक्षल्यांचं दलम सोडून गडचिरोलीत संसार थाटल्याला सहा वर्षं झाली, तरी कोलू आणि रुखमाच्या घरात हात वर करून ठराव झाल्याशिवाय वांगंही शिजत नसे. मतदार दोनच, त्यामुळे बहुतेक ठराव तहकूब.

आज रुखमाला आजारी आईकडे गावी जायचं होतं. कोलूला वाटेतल्या जुन्या सोबत्यांची भीती होती.

"जायच्या बाजूनं कोन हाये?" कपाटाच्या आरशासमोर बसून कोलूनं विचारलं.

त्याच्या मागं भरलेली पिशवी घेऊन उभ्या रुखमानं हात वर केला. आरशात मात्र दोघांचेही हात वर झाले. कोलूचे दोन्ही हात तर मांडीवर होते.

"दोन झाले, कॉम्रेड," रुखमा म्हणाली.

"विरोधात?" कोलूनं घाईनं स्वतःचा हात वर केला.

आरशातल्या कोलूनं आपला हात खाली घेतला आणि रुखमाची पिशवी खांद्याला अडकवली.