तळातल्या माणसांची बोली

"लाइट बंद करा ना," तृप्तीनं हातांनी खूण केली आणि कमलेशनं बटण दाबलं.

खोलीत अंधार झाला. कमलेशनं लेकीचा हात धरला आणि तिच्या तळव्यावर आपला तळवा दाबला. म्हणजे, मी आलो. तिनं त्याच्या मनगटावर दोन बोटं टेकवली. म्हणजे, मीही.

चुलीजवळून तृप्तीच्या आईनं, कामिनीनं विचारलं, "अंधारात काय करून राहिले तुमी बापलेक?"

"समुद्राखाली हाओ आमी."

"जन्मात कधी समुद्र पाह्यला का तुमी?"

पाहिला नव्हता. अड्याळला त्यांच्या घरामागे तलाव होता आणि तलावापलीकडे त्यांची धानाची बांधी, म्हणजे भाताचं खाचर. एवढंच पाणी कमलेशला ठाऊक होतं.

तृप्ती जन्मतःच बहिरी. भंडाऱ्याच्या शाळेत ती हातांची भाषा शिकली आणि सुट्टीत येऊन आईबापांना तिनंच ती शिकवली. लेकीशी तोंडानं बोलणं असं नव्हतंच, पण हात मात्र सतत हलत असायचे. मग गणपतीच्या दिवसांत ती संध्याकाळी ठेचकाळू लागली. नागपूरचा डॉक्टर तिचे डोळे तपासून आईबापांना म्हणाला, "दिसणं हळूहळू कमी होत जाईल. पण एवढ्यात नाही. मोठी होईपर्यंत वेळ आहे."

परतीच्या बसमध्ये तृप्ती खिडकीशी बसून हातवारे करत होती. बाहेर दिसलेल्या माकडांची काहीतरी गंमत सांगत होती. कमलेश तिच्या हातांकडे बघत राहिला. उजेड नसला तर या हातांना कोण उत्तर देणार, एवढंच त्याच्या मनात येत होतं.

दिवाळीच्या सुट्टीत ती घरी आली तेव्हा त्यानं तिला गोष्ट सांगितली. समुद्राच्या पार तळाशी माणसं राहतात. तिथं ऊन पोचत नाही. तोंड उघडलं की पाणी शिरतं. म्हणून ती एकमेकांच्या हातावर बोलतात.

"कसं?" तृप्तीनं विचारलं.

तिथून बोली सुरू झाली. दंडावरून मनगटाकडे घसरत गेलेलं बोट म्हणजे मासा. गालाला लावलेला पालथा हात म्हणजे आई. बोटांची टिपटिप म्हणजे पाऊस.

"समुद्राखाली पाऊस कसा पडंल?" तृप्ती अडून बसली.

"वर पडते ना. वरच्या गोष्टी सांगा लागते त्याह्यले कधी कधी."

'कुठं आहेस?' याला मात्र शब्दच सापडला नाही. दोघांनी खूप विचार केला. शेवटी तृप्तीनंच सांगितलं की तळातल्या माणसांना तो शब्द लागतच नाही. बोलायचं म्हणजे हातात हात असतोच.

कमलेशला कधी कधी वाटायचं, ही माणसं खरंच असतील. धान कापताना त्याच्या डोळ्यांपुढे ती तरंगत यायची. हळू, मोठी, एकमेकांचे हात धरून. पहाटे तलावावर धुकं उतरलं की ती अगदी जवळ, पाण्याखालीच आहेत असं वाटायचं.

तृप्ती त्या माणसांची चित्रं काढायची. काही दिवसांनी तिनं चित्रं सोडून दिली. तळाशी कुणी चित्र काढत नाही म्हणाली. मग तिनं नियमच केला. आता घरात हवेत हात हलवून कुणी बोलायचं नाही. जो बोलेल त्याला उत्तर मिळणार नाही. लाइट असो की नसो, जे सांगायचं ते हातावर.

"पोरगी पार येडी झाली या खेळानं," कामिनी म्हणाली. "काल माह्या चपला घालून आंगणात गेली. ध्यानच नाई तिचं कशात."

पण तिनंही बोली शिकून घेतली. भाकरी थापता थापता पिठाच्या हातानं ती लेकीच्या दंडावर मासे सोडायची.

शाळा उघडली तरी तृप्ती जाईना. कमलेशच्या हाताला चिकटून राहायची. बांधीवर, तलावावर, दुकानात, सगळीकडे त्याच्याबरोबर. गावातली माणसं हसायची. कमलेशला मात्र बरं वाटायचं. लेक लवकर शिकत होती. वेळ यायच्या आत बोली पुरी होणार होती.

"आता तरी सांगा तिले," एका संध्याकाळी कामिनी म्हणाली. "किती दिवस लपवसान?"

"सांगतो."

"रोज तेच म्हणता. मोठी झाल्यावर तिले समजलं, का मायबापाले पहिलेच मालूम होतं, तं काय वाटंल तिले?"



धानाचं चुरणं आटोपलं, मळणी संपली. दुसऱ्या दिवशी सकाळी तो तृप्तीला घेऊन तलावाच्या काठच्या पाळीवर बसला. ऊन नुकतंच वर आलं होतं. पाण्यावरून बदकांचा थवा उठला आणि पंखांच्या फडफडीनं सगळा तलाव हलला. कमलेश नियम विसरला. हात उंच करून त्यानं तिला थवा दाखवला. तृप्ती नियमाची पक्की. पाण्याकडे तोंड करून नुसती हसत राहिली.

मग त्यानं तिचा हात मांडीवर घेतला. शब्द जुळवायला त्याला वेळ लागला.

"डॉक्टरनं सांगतलं होतं," त्यानं तिच्या तळव्यावर लिहिल्यासारखं बोट फिरवलं. "तुह्या डोळ्याचा उजेड जाईल. आता नाई. लय वर्षांनी. तवा आपल्याजवळ हे बोली राहील. म्या हे त्याच्यासाठीच काढली."

  तृप्तीनं त्याचं बोट मुठीत धरलं, मग सोडलं.

"तो दिवस आला तं तुले भेव वाटंल का?" त्यानं विचारलं.

तिनं त्याचा हात उलटा केला आणि त्याच्या तळव्यावर सावकाश, एकेक शब्द वेगळा ठेवत सांगितलं, "तो दिवस आला तवा लय भेव वाटलं होतं, बाबा. आता नाई वाटत."