दोकसूची बाजू

संसदेनं राष्ट्राध्यक्षांवर महाभियोग मंजूर केला आणि सोलमधल्या दोकसू म्हाताऱ्याचं त्याच्या लेकीशी बोलणंच तुटलं. त्या हिवाळ्यात दर शनिवारी तो चौकाच्या एका टोकाला राष्ट्राध्यक्षांच्या बाजूनं झेंडा घेऊन बसायचा. दुसऱ्या टोकाला त्यांच्या विरोधात मेणबत्ती धरून त्याची लेक हेवॉन उभी असायची.

शेवटी न्यायालयानं निकाल दिला. राष्ट्राध्यक्ष पदावरून गेले. त्या संध्याकाळी हेवॉन बापाच्या घरी आली, ती टोमणा मारायच्या तयारीनंच.

"काय बाबा, गेला ना तुमचा साहेब?"

दोकसूनं मान हलवली. त्यानं दिवासुद्धा लावला नव्हता. हेवॉन वरमली.

"एवढं काय मनाला लावून घेता? त्याला तुमचं नावही ठाऊक नाही."

"मला तरी कुठं त्याचं कौतुक होतं!"

"मग मरणाच्या थंडीत जायचात कशाला?"

"तुझी आई गेल्यापासून घरात कोण आहे बोलायला? तिथं बायका गरम सूप हातात द्यायच्या. 'दादा, आज उशीर का?' म्हणून विचारायच्या. मी आजारी पडलो, तर माझ्या सतरंजीवर दुसऱ्या कुणाला बसू दिलं नाही त्यांनी. आता सगळे आपापल्या गावी गेले."

हेवॉननं उठून दिवा लावला. मग त्यानं चाचरत विचारलं,

"पोरी, तुमच्या बाजूची माणसं अजून जमतात का गं?"