सुखाचा शेवट

मूल होत नाही म्हणून बाहुबलीने तारामतीला माहेरी धाडली होती, आणि आई अंथरुणाला खिळली तेव्हा सेवेला कुणी हवं म्हणून परत आणली. त्यावर दोघांत कधी शब्द निघाला नव्हता. पुढे आई गेली, पण मनाला लागलेली टोचणी काही त्याला स्वस्थ बसू देईना. तारामतीचं मन रमावं म्हणून एके दिवशी तो तिला निपाणीहून मोटारीने बेळगावला बोलपट दाखवायला घेऊन गेला.

पडद्यावर नेमका एक नवरा बायकोला घराबाहेर काढत होता. पुरुषांच्या बाकावर बसलेल्या बाहुबलीची मान वर होईना. शेवटी तो नवरा तिच्या माहेरी गेला आणि हात जोडून तिला घरी घेऊन आला, तेव्हा थिएटरभर टाळ्या पडल्या. बाहुबलीनेही डोळे पुसले. आपल्याला इतके दिवस जे बोलता आलं नाही ते पडद्याने बोलून टाकलं, असं त्याला वाटलं.

बायकांच्या दारातून तारामती बाहेर आली. रडून तिचे डोळे सुजले होते.

"घराबाहेर काढलं तिला, तवा लई रडलीस व्हय?" त्याने हळूच विचारलं.

"न्हाय," पदर सावरत ती म्हणाली. "त्यो परत न्यायला आला, तवा रडू आलं. माहेरात कुठं जरा सुखानं दोन घास खायला लागली हुती बिचारी."