आचलची चुसणी

आचलनं पुन्हा तोंड फिरवलं. पौर्णिमानं पदर सावरून लेकीला दुसऱ्या अंगाला घेतलं. पोरीनं एक-दोन घोट ओढले, न ओढल्यासारखे, आणि नुसतेच ओठ हलवत राहिली. पूर्वी ती रडली की त्या आवाजानंच पौर्णिमाचं पोलकं भिजायचं. आता छाती कापूस वेचून झालेल्या बोंडासारखी हलकी लागत होती.

"तिले भूक नाही, काहून छळून राहिली?" म्हणत सासू आशाबाई आत आल्या. त्यांनी आचलला उचललं आणि झबल्याला दोऱ्यानं बांधलेली रबराची चुसणी तिच्या तोंडात दिली. पोरगी डोळे मिटून चोखू लागली. "तू पड जराशी. माह्या सासूनं मले कधी पाठ टेकू नाही देल्ली. तुह्यावर ती वेळ नाही येऊ देणार मी."

पौर्णिमाला भरून आलं. हीच का ती बाई? दवाखान्यात हिनंच दुपटं उचलून पाहिलं होतं, आणि मुलगी दिसल्यावर पुन्हा झाकलं होतं. तिवशाच्या माहेराहून लेकीला घेऊन सासरी येताना पौर्णिमाला तेच आठवत होतं. या घरात आचलच्या वाट्याचं कोणी काही ठेवलं नव्हतं. दूध तेवढं तिचं होतं. ते मात्र मी तिला पुरवीन, असं पौर्णिमानं मनाशी धरलं होतं.

मग लस टोचायला दोघी दर्यापूरला गेल्या, आणि त्या दिवसापासून सासू बदलली. नर्सबाईनं बजावून सांगितलं होतं, "अंगावरच पाजा. चुसणी नका देऊ. लेकरू रबर चोखत राहिलं का आईचं दूध आटते. आन् अंगावर पेतं लेकरू असलं का पाळीही लांबते, आईच्या जिवाले दम भेटते."

"चुसणीनं आटते म्हणता?" आशाबाईंनी विचारलं होतं.

"आटते नाही त काय."

दवाखान्यातून निघाल्यावर आशाबाई बाजारात थांबल्या आणि त्यांनी चुसणी घेतली. पौर्णिमा म्हणालीसुद्धा, "आई, बाई नको म्हणल्या ना."

"बाईले काय जाते सांगाले? लेकराले रडू द्याचं का आपण?"

तेव्हापासून आचल त्यांच्याच मांडीवर. चुसणी त्या स्वतःच्या हातानं उकळायच्या, साखरेच्या पाण्यात बुडवायच्या. माहेरचे मेथीचे लाडू संपले तर म्हणाल्या, "आता नको करू, पोरीले गरम पडतात." आणि पाळण्याला झोका देत गात बसायच्या,

चूप गं आचलबाई, तुले उणं नाही काई,
पाठीवर तुह्या येई भाऊराया.

पौर्णिमा भिंतीला टेकून ऐकायची. गळा गोड होता सासूचा. अशा बाईच्या हातून चुसणी हिसकायची कशी? उद्या सांगू, म्हणायची. उद्याचा परवा व्हायचा, आणि आचल दर दिवशी थोडी अजून परकी व्हायची.

एका सकाळी न्हाणीत पौर्णिमाला लुगड्यावर डाग दिसला. ती तिथंच खाली बसली. लेक अजून रांगतही नव्हती आणि पाळी आली होती. म्हणजे राहिलेलं दूधही आता जाणार.

त्या घरात बाईनं चार दिवस ओसरीवर बसायचं, कशाला शिवायचं नाही. लग्नानंतर एकदा चुकून तिचा हात लागला, तर आशाबाईंनी लोणच्याची भरली बरणी उकिरड्यावर ओतली होती. ती स्वयंपाकघराच्या उंबऱ्याबाहेरच थांबली.

"आई, मी बाहेरची झाली."

भाकरी थापणारा हात थांबला. आशाबाई उठल्या आणि सरळ चालत आल्या.

पौर्णिमा मागं सरली. "आई, शिवाल ना मले."

"शिवू दे."

पिठानं भरलेल्या हातांनी त्यांनी सुनेचा चेहरा धरला, तिच्यावरून हात ओवाळून कानशिलावर कडाकडा बोटं मोडली. मग आत जाऊन गुळाचा खडा आणला आणि तिच्या तोंडात घातला. पौर्णिमाचे डोळे वाहू लागले. माझ्या दुःखावर ही फुंकर घालून राहिली, असंच तिला वाटलं. आईनं तरी वेगळं काय केलं असतं?

"आई, मी आजपासून तिले घडीघडी पाजतो. येईन ना दूध परत?"

आशाबाईंचं लक्ष नव्हतं. त्या फळीवर मोबाइल शोधत होत्या. पाळण्यात आचल जागी झाली, तिच्या तोंडातली चुसणी निसटली आणि तिनं गळा काढला. आशाबाई पाळण्याला वळसा घालून अंगणात गेल्या. चुसणी पुन्हा पोरीच्या तोंडात द्यायला त्या वाकल्या नाहीत.

पौर्णिमानं धावत जाऊन लेकीला छातीशी धरलं. पोरीनं तोंडानं चाचपलं, ओढलं, सोडलं, आणि अजूनच मोठ्यानं रडू लागली.

अंगणातून सासूचा आवाज आला. अकोल्याच्या दालमिलमधून दर शनिवारी घरी येणाऱ्या लेकाशी, कुलदीपशी त्या बोलत होत्या. एवढा आनंद त्या आवाजात पौर्णिमानं कधी ऐकला नव्हता.

"शनिवारची वाट नको पाहू बाबू, आजच ये. आता मले नातू पायजे. तुटलं एकदाचं तिचं दूध."