फाटकाबाहेरची कारकीर्द

डाव्या पक्षाच्या खासदारसाहेबांची अख्खी कारकीर्द कारखान्यांच्या फाटकाबाहेर भाषणं ठोकण्यात गेली. आत काय चालतं, हे बघायच्या फंदात ते कधी पडलेच नाहीत. आजही वाटेत एका कारखान्याच्या फाटकाबाहेर लाल झेंडे घेऊन बसलेले कामगार दिसले आणि साहेबांनी गाडी थांबवायला लावली.

"साहेब, इथं नको," ड्रायव्हर चाचरत म्हणाला.

"अरे, कामगार दिसला की मला राहवत नाही!" साहेबांनी डिकीत खास ठेवलेला विटका कोट अंगावर चढवला आणि जाऊन माईकच हिसकावून घेतला. "तुमच्या घामावर चैन करणारा तो मालक कुठल्या बिळात लपलाय? हिंमत असेल तर समोर ये म्हणावं!"

एकही टाळी पडली नाही. सगळे साहेबांना सोडून त्यांच्या गाडीकडेच बघत होते. ड्रायव्हरने मान खाली घातली.

"घाबरता काय? नाव सांगा त्याचं!" साहेब गरजले.

पुढे बसलेली एक वयस्कर कामगार बाई गुडघ्यावर हात टेकून उठली.



"घरी विचारा की, साहेब. आमच्या मालकीणबाई याच गाडीतून येतात."